चंचीतली शुटिंगवाली

"आज माझ्यावर संशय किती आहे, मावशी?"

सकाळी सकाळी दारात येऊन कुणी असं विचारतं का? ती विचारायची. चहा झाला का नाही, तब्येत कशी आहे नाही. खांद्यावरची काळी पिशवी ओट्यावर ठेवायची, चप्पल काढायची आणि हसत हसत हेच विचारायची. मी चुलीपाशी असले तर मी तिथूनच ओरडायची, "हाय की. कालच्यापरीस वाढलाय." ती म्हणायची, "बरं झालं. कमी झाला की सांगा, मग मला काळजी करायला लागेल."

तिचं नाव आम्हाला माहीत होतं, पण नावानं तिला कुणी हाक मारली नाही. ती शुटिंगवाली. पुण्याहून यायची, एकटीच, एसटीनं. चाळिशीला टेकलेली, केस पोरासारखे कापलेले, अंगात ढगळा सदरा. कुठल्या चॅनलची नाही, पेपरची नाही, सरकारची नाही. कॉलेजात चित्रकला शिकवायची आणि सुट्टी लागली की आपल्या मनानं फिल्म काढत हिंडायची. कधी फिल्म, कधी कापडावर चित्रं. आता तुम्हीच सांगा, उमापूरच्या पुढं, फाट्यापासून आत, आमच्या वस्तीवर असलं माणूस आपल्या मनानं येतंय म्हटल्यावर कोण विश्वास ठेवील? ज्याला कुणीतरी पाठवलंय त्याचा अंदाज तरी येतो. ज्याला कुणीच पाठवलं नाही, त्याचं काय करायचं?

वस्तीत ज्याच्या त्याच्या मनात वेगळं भूत. म्हाळबा धनगराला वाटायचं ही मेंढरं मोजायला आली. मोजली की त्याच्यावर काहीतरी बसणार, काय बसणार ते त्यालाही माहीत नव्हतं. शेजारची शांता म्हणायची, निवडणूक जवळ आली की असले लोक सुटतात. माझा पुतण्या मिलिंद गेवराईला कॉम्प्युटरच्या दुकानात कामाला, त्याचं डोकं जरा पुढं चालतं. तो म्हणाला, "काकू, ही सोलरवाल्याची आसंल. त्येंच्याजवळ तीन पायाचं यंत्र व्हतं, हिच्याजवळ बी तीन पायाचं हाय."

मला ते तिथंच पटलं. त्याचं कारण सांगते.

आमचं पोट ज्या रानावर चाललं, ते गायरान. म्हणजे गावाच्या गुरांसाठी सोडलेलं सरकारी रान. माझं लग्न झालं तेव्हा तिथं नुसते दगड आणि तरवडाची झुडपं. माझ्या मालकानं आणि मी पहारीनं दगड उचकटले, बांधावर नेऊन रचले, तेव्हा कुठं त्यात बाजरी दिसली. आमच्यासारखी आणखी घरं होती, सगळी आमच्या विहाराभोवतीची. मालक गेले, पोरं मोठी झाली, कापूस आला, तूर आली. सातबाऱ्यावर मात्र आमचं नाव कधी लागलं नाही. आणि दोन-तीन वर्षांमागं तिथं उन्हाची वीज काढणारे सोलरवाले आले. जीपमधून उतरले, तीन पायाचं यंत्र उभं केलं, डोळा मिचकावून बघितलं आणि कुणाला काही न विचारता निघून गेले. तेव्हापासून आमच्या वस्तीत तीन पायाची कुठलीही वस्तू दिसली की जेवण जात नव्हतं. आणि ही बाई नेमकी तेच खांद्यावर टाकून आली.

पहिल्या दिवशी आम्ही बायकांनी तिला विहाराच्या ओट्यावर बसवलं. पाणी दिलं, चहा दिला, ते द्यावंच लागतं. मला वाटलं, आता ही क्यामेरा काढील आणि आपल्या तोंडापुढं धरील. तिनं काढला खरा, पण सरळ माझ्या हातात दिला. "आधी तुम्ही माझं शुटिंग करा. जे विचारायचं ते विचारा. माझं झाल्याशिवाय मी तुमचं काढणार नाही."

मी म्हणाले, "म्हंजे चोरानंच पोलिसाला काठी दिली म्हणा की." बायका हसल्या. ती पण हसली, पण क्यामेरा परत घेतला नाही. मिलिंदनं मला बटण दाखवलं. मी उठून उभी राहिले, तिच्या तोंडापुढं ते धूड धरलं आणि विचारायला सुरुवात केली. मला शाळा नाही, अक्षरं मी पोरांच्या पुस्तकातून चोरून शिकले, पण विचारपूस करायला मला कुणी शिकवायची गरज नाही.

"लगीन?"

"झालं होतं. मोडलं."

"कुणी मोडलं?"

"दोघांनी मिळून."

"काम मिळून केलं म्हणा एक तरी," शांता म्हणाली.

"हिकडं कावून आली?"

"तुमच्या गायरानाबद्दल ऐकलं. दगडाचं रान कसं झालं, ते तुमच्याकडून ऐकायचंय. त्याची फिल्म करायची आहे."

"कुणाला दाखवणार?"

"आधी तुम्हाला."

"आन मग?"

"मग जो बघेल त्याला."

"सोलरवाल्यानं बघितली तर?"

दुसरं कुणी असतं तर म्हणालं असतं, छे छे, असं कसं होईल. ती म्हणाली, "बघू शकतो. मला अडवता येणार नाही." ते उत्तर ऐकून माझा संशय वाढला की कमी झाला, हे मला तेव्हाही कळलं नाही. खोटं बोलणारं माणूस असं बोलत नाही. पण लई हुशार खोटारडं माणूस असंच बोलेल, हेही तितकंच खरं.

मग तिनं आपल्या तोंडानं क्यामेऱ्यापुढं कबूल केलं, की ज्याला आपलं चित्र फिल्ममध्ये नको वाटेल त्यानं नुसतं 'काढ' म्हणायचं. ती काढणार. कारण विचारणार नाही, फिल्म बुडाली तरी चालेल. एवढं बोलून तिनं क्यामेऱ्याच्या पोटातून नखाएवढं कार्ड काढलं आणि माझ्या तळहातावर ठेवलं. "ह्यात माझं तोंड आहे आणि माझा शब्द आहे. हे तुमच्याकडे गहाण. फिल्म झाली आणि तुमचं समाधान झालं की सोडवून नेईन."

"आन समाधान न्हाई झालं तर?"

"मग राहू द्या तुमच्याकडेच."

मी पान-सुपारीची चंची सोडली, सुपारीच्या खाली ते कार्ड घातलं आणि चंची कमरेला खोचली. जन्मात मी कुणाचं गहाण ठेवून घेतलं नव्हतं, आमची वस्तू ठेवायची पद्धत होती. आता एका पुण्याच्या बाईचं तोंड माझ्या कमरेला.

तिची काम करायची तऱ्हा सगळी खालून. मी वाकून खुरपत असेन तर ती सरीत फतकल मारून बसायची. शांता भाकरी थापत असली तर ही चुलीपुढं, धुरात, डोळे पुसत. ते तीन पायाचं यंत्र पण तिनं कधी पूर्ण उघडलं नाही, पाय दुमडून कोंबडीसारखं खाली बसवायची. मी विचारलं, उभं राहून का काढत नाहीस? म्हणाली, "उभ्या माणसाला बसलेलं माणूस लहान दिसतं, मावशी. आणि बघणाऱ्याला वाटतं, ते खरंच लहान आहे." बोलणं चांगलं होतं, पण सरीत बसायची सवय नसल्यानं तिच्या पायाला मुंग्या यायच्या, उठताना कपाशीवर पडायची. माझी दोन-तीन झाडं तिनं मोडली. मी शिव्या दिल्या. ती म्हणाली, "हे पण संशयात धरा."

म्हाळबाची मेंढरं आली तेव्हाही ती अशीच वाटेत बसलेली. एका मेंढीनं येऊन क्यामेऱ्याची काच चाटली. म्हाळबा लांबूनच म्हणाला, "ओ बाई, मोजू नका. मोजली की कमी हुत्यात."

"मला इतकं मोजताच येत नाही हो."

"मास्तरीण हाव म्हनं ना तुमी?"

"चित्रकलेची."

"मंग बरुबर हाय," म्हाळबा म्हणाला आणि तिच्याशेजारी टेकला. त्याचा संशय तेवढ्यावर मिटला. धनगराचं मन मोठं. माझं एवढं मोठं नाही. मी तिच्यावर डोळा ठेवून होते. ती फोनवर बोलायला वस्तीच्या बाहेर त्या चिंचेखाली जायची, तर मी शेळी हुडकायच्या निमित्तानं मागं जायची. शेळी तर दावणीला बांधलेली. एकदा तिनं फोन कानापासून काढला आणि म्हणाली, "मावशी, भाऊ आहे माझा. बोलता का?" मी म्हणाले, "मला काय करायचंय तुझ्या भावाशी," आणि तिथंच उभी राहिले. भाऊच होता. आईच्या गुडघ्याचं बोलत होते.

आता त्या कापडाची गोष्ट. फिल्मशिवाय तिचा एक उद्योग होता. कसलं तरी औषध लावलेलं पांढरं कापड ती घेऊन यायची. त्यावर कधी तुरीची डहाळी, कधी खुरपं, कधी माझी बांगडी ठेवायची आणि उन्हात धरायची. आमच्याकडं ऊन काय, मागाल तेवढं. थोड्या वेळानं ते पाण्यातून काढलं की सगळं कापड गडद निळं आणि वस्तूची सावली तेवढी पांढरी उमटलेली. तिला धुवायला पाणी लागायचं आणि आमच्याकडं तर उन्हाळ्यात टँकरची वाट बघायची पाळी. पण तिनं आमच्यातलं तांब्याभर पाणी कधी मागितलं नाही. उमापूरहून डबे भरून म्हाळबाच्या फटफटीवर आणायची. ह्यावरही शांताला संशय आला. म्हणे, आपलं पाणी चालत न्हाई का हिला? आम्हाला हा प्रश्न जुना आहे, अंगात भिनलेला आहे. तिला कळलं तेव्हा तिचं तोंड उतरलं. त्या दिवसापासून प्यायला मात्र ती शांताच्याच माठातलं घ्यायची, मागून घ्यायची आणि दोनदा घ्यायची.

ती कापडं काळ्या प्लॅस्टिकमध्ये गुंडाळून ठेवायची आणि म्हणायची, हे उघडू नका. असं म्हटल्यावर माणसानं काय समजायचं? सोलरवाल्यांचा नकाशा मी बघितला होता, तोही असाच गुंडाळीत होता. एक दिवस ती म्हाळबाबरोबर पाण्याला गेली आणि मी ती गुंडाळी अंगणात आणून सोडली. आत कापड. मी म्हटलं, नकाशा पुसट काढला असेल. म्हणून ते दोन्ही हातांनी धरलं आणि उन्हाकडं करून बघत बसले. रेघ नाही, आकडा नाही. बघता बघता कापडाचा रंग फिरायला लागला. मी तशीच धरून उभी, म्हटलं, आता दिसेल, आता दिसेल.

ती आली तेव्हा मी उभीच होते. तिनं माझ्या हातातून कापड घेतलं आणि घाईनं पाण्यात बुडवलं. वर काढलं तर सगळं निळंशार आणि दोन कडांना माझ्या बोटांच्या, अंगठ्याच्या पांढऱ्या जागा. जिथं मी घट्ट धरलं होतं तिथं ऊन पोचलं नव्हतं.

"बाकीची पण गेली का गं?"

"नाही. वरचंच एक गेलं." मग ते वाळत घातलं, लांब जाऊन बघितलं, जवळ येऊन बघितलं. "गेलं नाही, मावशी. मी महिनाभर जे काढते आहे त्यात हे सगळ्यात चांगलं आहे."

मला त्यातलं चांगलं-वाईट कळत नव्हतं. मला एवढंच दिसलं की तिच्या कापडावर माझा अंगठा उठलाय. माझ्या मालकानं मरेपर्यंत एकच सांगितलं होतं, की काय वाटेल ते कर, पण वाचल्याशिवाय कुठं अंगठा उठवू नको. मी म्हणाले, "ते कापड मला दे." तिनं वाळल्यावर घडी घालून दिलं. अजून माझ्या ट्रंकेवर तेच अंथरलंय.

तर असं करत करत तिची फिल्म झाली. सुट्ट्या येत गेल्या, ती येत गेली, आणि एके दुपारी विहाराची दारं-खिडक्या लावून तिनं आम्हाला ती दाखवली. सगळी वस्ती जमली. म्हाळबा मेंढरं सोडून आला. आपलं माणूस भिंतीवर दिसलं की लोक हसतातच, तसे हसले. शांता स्वतःला बघून म्हणाली, "म्या एवढी काळी कवा झाले?" मग माझा भाग आला.

मी बांधावर दगडाच्या रचाईवर बसलेय. ती खाली बसून काढत होती, म्हणून माझ्यामागं नुसतं आभाळ. मी सांगतेय, पहार कशी वाकली, हाताला फोड कसे आले, मोठा दगड मालकानं आणि मी मिळून कसा लोटला. शेवटी मी त्या रचाईवर हात ठेवून म्हणते, "रान सरकारचं आसंल, दगूड आमचे हायेत."

शांता डोळ्याला पदर लावून बसली. मिलिंद म्हणाला, "काकू, एक नंबर."

मी म्हणाले, "काढ."

सगळे माझ्याकडं बघायला लागले. मिलिंद तर उठूनच उभा राहिला. "कामून? हाच तर पुरावा हाय आपला. कवापासून कसतो ते तुमी सांगितलंय. दुसरं काय हाय आपल्याजवळ?"

"म्या काय म्हणले आयकलं का? रान सरकारचं. माझ्या तोंडानं. उद्या सायबानं एवढंच कापून लावलं तर?"

"पुढचं बी हाय की, दगडाचं."

"पुढचं कोण लावतंय? पुरावा ज्याच्या हातात हाय त्याचा आसतो, बाबा. आपल्या हातात हाय का ते?"

आमचं बराच वेळ चाललं. तो शिकलेला, त्याचं चुकत होतं असं नाही. पण रान गेलं तर त्याला गेवराईचं दुकान आहे, मला काय आहे? वस्तीतली अर्धी माणसं त्याच्याकडून, अर्धी माझ्याकडून. ह्या सगळ्यात शुटिंगवाली भिंतीला टेकून बसलेली, डोळे मिटून. मला वाटलं, आता ही समजावायला येणार. मावशी, असं आहे, मावशी, तसं आहे. शिकलेल्या माणसाचं समजावणं मला चांगलं माहीत आहे. मी कमरेच्या चंचीवर हात ठेवून तयारच होते.

ती म्हणाली, "काढते."

दुसऱ्या दिवशी तिनं माझ्यासमोर बसून ते काढलं. मी म्हणाले, "कशावरून काढलं? दुसरीकडं ठिवलं आसंल."

"कशावरूनच नाही. हे तुम्हाला कधीच कळणार नाही, मावशी. म्हणून तर कार्ड तुमच्याकडे आहे. मी दगा दिला तर माझं तोंड सगळ्यांना दाखवा."

जाताना तिनं एकच मागितलं. माझ्या ट्रंकेवरच्या कापडाचं शुटिंग करू का? मी अंगठ्याच्या रेघा दिसतात का ते डोळे फाडून बघितलं, मिलिंदकडून बघून घेतलं. रेघा नव्हत्या, नुसती पांढरी जागा. मग हो म्हणाले. माझा भाग जिथं होता तिथं तिनं ते निळं कापड लावलं. किती तरी वेळ नुसतं निळं, वर बोटांच्या जागा आणि आवाज बंद. कॉलेजात वगैरे ती फिल्म दाखवायची तेव्हा पोरं विचारायची, मॅडम, इथं काय बिघडलंय? ती सांगायची, बिघडलं नाही, इथं एक बाई आहे, तिनं नको म्हटलंय.

मोठ्या ठिकाणी मात्र ती फिल्म लागली नाही. ज्यांनी आधी नुसतं ऐकून 'घेऊ' म्हटलं होतं, त्यांना नेमका माझाच भाग पाहिजे होता. निळं कापड बघायला कोण बसणार? हे तिनं मला पुढच्या खेपेला भुईमुगाच्या शेंगा फोडत फोडत सांगितलं. "नाही जमलं, मावशी."

"मंग ठिवायचा व्हता तू."

"नाही."

"किती वर्सं घातली यात?"

"ते जाऊ द्या. शेंगा छान आहेत." आणि थोड्या वेळानं, जरा चाचरत, "फिल्म तर झाली. आता कार्ड सोडवून नेऊ का?"

मला वाईट वाटलं नाही असं नाही. तिचे हात शेंगा फोडत होते, पण दाणे खात नव्हते. तरी मी 'काढ' म्हणाले ते चुकलं, असं मला त्या दिवशी वाटलं नाही आणि आजही वाटत नाही. मिलिंदला अजून वाटतं, आणि तो अजून ते बोलून दाखवतो. मी तिला म्हणाले, "आजून न्हाई. सोलरवाल्याचं निस्तरू दे, मंग बघू." ती खळखळून हसली. "राहू द्या, राहू द्या. तुमच्याकडे जास्त सुरक्षित आहे."

आणि सोलरवाले आलेच. ह्या वेळी तीन पायाचं यंत्र नाही, उडणारा क्यामेरा. डोक्यावर घोंघावत सगळं रान वरून बघून गेला, म्हाळबाची मेंढरं बिथरून पार उमापूरच्या रस्त्याला लागली. मग त्यांचा साहेब वस्तीत आला, सोबत एक दाढीवाला, त्याच्या हातात क्यामेरा. म्हणे बायकांनी दोन-दोन ओळी बोलायच्या. आमची हरकत नाही, आमचा विकास होणार. ओळी त्यांनीच छापून आणलेल्या. मला सगळ्यात म्हातारी बघून पुढं केलं.

मी म्हणाले, "बोलते की. आधी क्यामेरा हिकडं दे."

"का, आजी?"

"आधी तुझं शुटिंग. मंग माझं. आन खाली बस."

त्यानं साहेबाकडं बघितलं. साहेब म्हणाला, "आजी, वेळ नाही."

"रान घ्यायला वेळ हाय, आन बसायला न्हाई?"

मागून शांता म्हणाली, "कुणाला दाखवणार हे? आधी आमाला दावा." मग पलीकडची म्हणाली, मग तिच्या शेजारची. कुणी कुणाला शिकवलं नव्हतं. जी ती आपल्या जागेवर बसली आणि तेच विचारायला लागली. दाढीवाला उभाच होता. त्याला बसताच येईना, त्याची पँट तसली घट्ट. शेवटी क्यामेरा पिशवीत घातला आणि गेले. एका बाईच्या तोंडून त्यांना दोन ओळी मिळाल्या नाहीत. प्रकरण मिटलं असं मी म्हणत नाही, असली प्रकरणं मिटत नसतात. पण आज तरी रानात कपाशी उभी आहे.

मी तिला फोन लावून सगळं सांगितलं. ती ऐकत होती आणि हसत होती. हसता हसता खोकायला लागली, खोकला थांबेना. "बसला का तो खाली?" खोकतच विचारलं. मी म्हणाले, न्हाई बसला. "अरेरे," ती म्हणाली, "बसला असता तर तुम्हाला ऐकावं लागलं असतं त्याचं." मी म्हणाले, तू औषध घे आधी खोकल्याचं. म्हणाली, घेते.

पुढच्या सुट्टीत ती आली नाही. त्याच्या पुढच्याही नाही. फोन लागायचा, पण बोलणं थोडं. मला संशय यायला लागला. वाटलं, फिल्म बुडवली म्हणून मनात ठेवलं असेल. मग वाटलं, दुसरी वस्ती सापडली असेल, दुसरी मावशी.

एक दिवस तिच्या नंबरावरून पुरुषाचा आवाज आला. म्हणाला, मी तिचा भाऊ. ताई गेली. फुप्फुसाचा आजार होता, कुणाला सांगू नको म्हणाली होती.

मी म्हणाले, "कशावरून?"

तिकडून तो म्हणाला, "काय कशावरून?" मी पुन्हा म्हणाले, "तू तिचा भाऊ कशावरून? फोन तर कुणाच्या बी हातात पडतो. उगं कायतरी सांगशील आन ती उद्या दारात यील." मला खरंच तसं वाटत होतं. म्हणजे, तसं वाटावं असं वाटत होतं.

तो म्हणाला, "मावशी, तुम्ही असं विचाराल हे ती सांगून गेली होती. म्हणाली, मावशींना नुसतं सांगितलं तर खरं वाटणार नाही. त्यांना सांग, तुमच्या चंचीत सुपारीच्या खाली माझं कार्ड आहे. ते सोडवायला यायचं राहिलं."

हे मी तिच्याशिवाय बाहेरच्या कुणाला सांगितलेलं नव्हतं. मी फोन मिलिंदच्या हातात दिला आणि खाली बसले.

मिलिंदनं ते कार्ड त्याच्या लॅपटॉपला लावलं. ती दिसली. विहाराच्या ओट्यावर बसलेली, मान वर करून बोलतेय. आवाज माझा, दरडावणारा. लगीन? कुणी मोडलं? कावून आली? आणि ती खालून उत्तरं देतेय, हातात शांतानं दिलेला चहाचा कप. लई लहान दिसते. मी त्या दिवशी उभी राहून काढलं होतं ना.

आमच्यात गहाणाची एक रीत आहे. सोडवणारं माणूसच राहिलं नाही, की वस्तू ठेवून घेणाऱ्याची. भावाला मी विचारलं, पाठवून देऊ का? तो म्हणाला, नको, तुमचंच आहे. तेव्हा मी ते परत चंचीत घातलं. आता सुपारी काढायला गेलं की बोटाला कार्ड लागतं. सकाळी चुलीपाशी असले की कान दाराकडं जातो. ती रोज विचारायची आणि मी रोज वाढवून सांगायची. संशय सगळा गेला असं मी आजही म्हणणार नाही, माणसानं सगळा घालवूही नये. पण थोडा कमी झालाय, एवढं तिला सांगायचं राहिलं.